विघ्न आणि पडदा : संगणकीय खेळ खेळताना 'डेस्कटॉप' झाकण्याच्या कृतीची मीमांसा

प्रस्तावना

मराठीत 'पडदा' हा शब्द दोन परस्परविरुद्ध अर्थांनी रूढ आहे. नाट्यगृहातील पडदा झाकतो, चित्रपटगृहातील पडदा दाखवितो. संगणकाचा पडदा मात्र ही दोन्ही कामे एकाच वेळी करीत असतो. संगणकावर खेळ खेळणारी व्यक्ती खेळ सुरू होताच त्याची चौकट सबंध पडद्यावर पसरविते. तळाची पट्टी, कोपऱ्यातील घड्याळ, ओळीने मांडलेली चिन्हे, टपाल आल्याची वर्दी देणारी लहानशी खिडकी हे सर्व दृष्टीआड होते आणि त्यानंतरच खऱ्या अर्थाने खेळास प्रारंभ होतो. ही कृती इतकी सवयीची झाली आहे की तिच्याकडे केवळ तांत्रिक सोय म्हणून पाहिले जाते. समीक्षेच्या दृष्टीने ती क्षुल्लक वाटण्याचाही संभव आहे.

परंतु कलाव्यवहाराच्या इतिहासात काय दाखवावे या प्रश्नाइतकाच काय झाकावे हा प्रश्नही महत्त्वाचा ठरलेला आहे. नाट्यगृहातील अंधार, चित्राची चौकट, ग्रंथाच्या पानाभोवतीचा कोरा समास या सर्व झाकण्याच्याच रीती होत. डेस्कटॉप झाकण्याची कृती याच परंपरेत बसते काय, बसत असल्यास तिची सौंदर्यशास्त्रीय उपपत्ती कशी लावता येईल, आणि झाकण्याचा अधिकार कोणाकडे असावा, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे. त्यासाठी भारतीय रसविचारातील 'रसविघ्न' या संकल्पनेचा आधार घेतला असून काही निवडक संगणकीय खेळांच्या साहाय्याने तिची उपयुक्तता तपासली आहे.

कार्यालयातील मेज आणि त्यावरील खेळ

'डेस्कटॉप' म्हणजे मेजाचा पृष्ठभाग. हे रूपक संगणकाच्या पडद्यावर आले ते कार्यालयातून. झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टो येथील संशोधन केंद्रात १९७३ साली तयार झालेला 'आल्टो' हा संगणक, १९८१ मध्ये बाजारात आलेला 'झेरॉक्स स्टार' आणि १९८४ मधील ॲपलचा 'मॅकिंटॉश' हे या रूपकाच्या घडणीचे प्रमुख टप्पे मानले जातात. कागद, फाइल, फोल्डर, कचऱ्याची टोपली ही सारी प्रतिमासृष्टी लेखनिकाच्या मेजावरची आहे. यंत्राची भीती वाटू नये म्हणून परिचित वस्तूंचा आधार घेतला गेला आणि तो त्या काळी योग्यच होता.

तथापि कोणतेही रूपक एकटे येत नाही. आपल्यामागून ते एक शिस्तही घेऊन येते. कार्यालयातील मेजावर प्रत्येक वस्तू हाताशी असावी लागते आणि मेजामागे बसलेल्या माणसाला कोणीही, केव्हाही हाक मारू शकतो. सतत उपलब्ध असणे हा मेजाचा धर्म आहे. डेस्कटॉपची पट्टी, घड्याळ आणि सूचना ही या धर्माचीच दृश्य रूपे आहेत. खेळाचा धर्म याहून वेगळा आहे. योहान हुइझिंगा या डच विचारवंताने १९३८ च्या 'होमो लुडेन्स' या ग्रंथात खेळाचे एक लक्षण असे सांगितले की तो स्थळ आणि काळ या दोन्ही बाबतींत नित्याच्या जीवनापासून वेगळा काढलेला असतो. क्रीडांगण, पत्त्यांचे मेज, देवालय आणि रंगमंच यांत त्याला एकच तत्त्व दिसले. नित्याच्या जगात आखून घेतलेले एक तात्पुरते जग. नियम मोडून लबाडी करणाऱ्या खेळाडूपेक्षा खेळच उधळून लावणाऱ्याचा समाजाला अधिक राग येतो, असेही त्याचे निरीक्षण आहे. लबाड खेळाडू निदान त्या जगाचे अस्तित्व मान्य करतो. उधळणारा ते जगच नाकारतो. खेळाच्या ऐन भरात पडद्याच्या कोपऱ्यात उमटणारी सूचना ही अशा खेळ उधळणाऱ्याची भूमिका बजावते.

येथे एक भेद मात्र ध्यानात घेतला पाहिजे. प्रत्येक खेळाला डेस्कटॉप झाकण्याची गरज असते असे नाही. १९९० मध्ये 'विंडोज ३.०' सोबत आलेला 'सॉलिटेअर' हा पत्त्यांचा खेळ इतर कामांच्या खिडक्यांशेजारी एका खिडकीत सुखाने नांदला. मेजावर पत्ते मांडणे हे मेजाच्या रूपकाशी विसंगत नव्हते आणि दोन कामांच्या मधला विसावा एवढेच त्या खेळाचे मागणे होते. याउलट १९८० च्या दशकातील काही खेळांत 'बॉस की' या नावाने ओळखली जाणारी एक कळ असे. ती दाबताच खेळ नाहीसा होऊन त्याच्या जागी हिशेबाच्या तक्त्यासारखे एखादे कामाचे दृश्य दिसू लागे. तेथे खेळ कार्यालयापासून लपत होता. आज कार्यालय खेळापासून लपविले जाते. संगणक प्रयोगशाळेत शिक्षकांची चाहूल लागताच खेळाची खिडकी मिटविणारा विद्यार्थी आणि घरी खेळण्यापूर्वी सर्व सूचना बंद करणारा तोच विद्यार्थी ही एकाच सीमेची दोन रूपे आहेत. दोन्ही वेळा काम आणि खेळ एका पडद्यावर एकत्र नांदू शकत नाहीत, याचीच कबुली दिली जाते.

झाकण्याचा तांत्रिक इतिहास

'डॉस' या कार्यप्रणालीच्या काळात हा प्रश्नच उद्भवत नव्हता. एका वेळी एकच कार्यक्रम चाले आणि सुरू झालेला खेळ सबंध पडद्याचा धनी असे. जॉर्डन मेकनर याचा 'प्रिन्स ऑफ पर्शिया' हा खेळ प्रथम १९८९ मध्ये ॲपल-२ या संगणकासाठी आणि नंतर डॉससाठी आला. तो खेळताना पडद्यावर खेळाखेरीज दुसरे काहीच नसे. झाकण्यासारखे काही नव्हते, म्हणून झाकण्याची कृतीही नव्हती.

२४ ऑगस्ट १९९५ रोजी 'विंडोज ९५' ही प्रणाली प्रकाशित झाली आणि चित्र पालटले. पडद्याच्या तळाशी कायम राहणारी पट्टी, तिच्या एका टोकास 'स्टार्ट' हे बटण आणि दुसऱ्या टोकास घड्याळ अशी रचना रूढ झाली. ही पट्टी आपोआप लपविण्याची सोयही त्याच प्रणालीत होती. त्याच वर्षी आलेल्या 'डायरेक्टएक्स' या साधनसंचामुळे खेळाला पडद्याचा अनन्य ताबा घेणे शक्य झाले. पुढे सीमारेषा नसलेल्या खिडकीत खेळ चालविण्याची रीतही लोकप्रिय झाली. तीत खेळ पूर्ण पडदाभर दिसतो, पण वस्तुतः तो इतर खिडक्यांसारखीच एक खिडकी असतो. अनन्य ताब्याच्या पद्धतीत खेळातून बाहेर येताना पडदा क्षणभर काळा होई. सीमारहित खिडकीत तो विराम राहिला नाही. सोय वाढली, उंबरठा मात्र पुसट झाला.

या इतिहासातील एक लहानसा तपशील समीक्षेच्या दृष्टीने उद्बोधक आहे. १९९७ च्या 'एज ऑफ एम्पायर्स'सारख्या व्यूहरचनेच्या खेळांत माउसचा बाण पडद्याच्या कडेला नेला की नकाशा त्या दिशेने सरकतो. खेळाच्या दृष्टीने कडा म्हणजे अज्ञात प्रदेशाचे प्रवेशद्वार. आपोआप लपणारी पट्टीदेखील याच कडेआड दबा धरून असते आणि बाणाचा स्पर्श होताच वर येते. असा खेळ खिडकीच्या रूपात पडदाभर पसरून खेळला, तर दक्षिणेचा प्रदेश धुंडाळू पाहणाऱ्या खेळाडूच्या समोर कार्यालयाची पट्टी उभी राहू शकते. एकाच रेषेवर दोन जगांनी हक्क सांगितल्याचा हा प्रसंग आहे. लपविणे आणि नाहीसे करणे यांतील अंतर त्यातून स्पष्ट होते. लपलेली वस्तू परत येऊ शकते आणि ती येईल ही जाणीव मनाच्या तळाशी राहते.

रसविघ्नांचा विचार

दहाव्या-अकराव्या शतकात काश्मीरमध्ये होऊन गेलेल्या अभिनवगुप्ताने भरताच्या नाट्यशास्त्रावरील 'अभिनवभारती' या टीकेत रसास्वादाच्या आड येणाऱ्या सात विघ्नांची चर्चा केली आहे. रस म्हणजे निर्विघ्न प्रतीती, ही त्याची भूमिका मराठी वाचकांना ग. त्र्यं. देशपांडे, रा. प. कंगले आदी अभ्यासकांच्या विवेचनातून परिचित आहे. कथावस्तू संभवनीय न वाटणे, स्वतःच्या किंवा दुसऱ्याच्या विशिष्ट स्थळकाळात अडकून पडणे, स्वतःच्या सुखदुःखांनी विवश होणे, प्रतीतीची साधने अपुरी असणे, प्रतीती स्पष्ट नसणे, गौण गोष्टीस प्राधान्य मिळणे आणि संशय उत्पन्न होणे अशी ही सात विघ्ने होत.

डेस्कटॉपवरील व्यत्ययांचे वर्गीकरण या यादीच्या आधारे केल्यास 'व्यत्यय' या एकाच शब्दाखाली किती भिन्न गोष्टी दडलेल्या आहेत हे दिसून येते. कोपऱ्यातील घड्याळ खेळाडूला त्याच्या स्वतःच्या स्थळकाळात परत ओढते; ते दुसऱ्या विघ्नाचे उदाहरण होय. कार्यालयाकडून आलेल्या टपालाची वर्दी मनात चिंता उत्पन्न करते. ते तिसरे विघ्न, म्हणजे निजसुखादिविवशीभाव. खेळाच्या दृश्यावर पसरलेली एखादी खिडकी नेमकी शत्रूची हालचाल झाकते, तेव्हा प्रतीतीचे साधनच विकल होते. ते चौथे विघ्न. चकाकणाऱ्या चिन्हाकडे विनाकारण लक्ष वेधले जाते, तेव्हा गौणास प्राधान्य मिळते, ते सहावे. पडद्यावर उमटलेली सूचना खेळाची की प्रणालीची, असा संभ्रम होतो, तेव्हा संशययोग हे सातवे विघ्न उद्भवते.

अभिनवगुप्ताने विघ्नांबरोबर त्यांच्या परिहाराचाही विचार केला आहे आणि तो येथे विशेष मोलाचा ठरतो. विशिष्ट स्थळकाळाचे विघ्न दूर करण्यासाठी पूर्वरंग, प्रस्तावना आणि नटाची वेषभूषा यांची योजना असते. प्रेक्षकाच्या वैयक्तिक सुखदुःखांवर उपाय म्हणून गीत, वाद्ये, सजविलेला मंडप यांची योजना असते. प्रेक्षकाने आपले दुःख घरी ठेवून यावे, अशी आज्ञा शास्त्र करीत नाही. ते दुःख विसरता येईल असे वातावरण निर्माण करण्याची जबाबदारी ते प्रयोगावर टाकते. या दृष्टीने पाहता सबंध पडदा व्यापणे, खेळाचे बोधचिन्ह झळकणे, संगीत सुरू होणे आणि मग मुखपृष्ठ दिसणे हा क्रम संगणकीय खेळाचा पूर्वरंगच होय. डेस्कटॉप झाकला जाण्याचा क्षण हा त्यातील पहिला विधी आहे.

जे दिसते ते सारे विघ्न नव्हे

येथपर्यंतच्या विवेचनावरून जेवढे अधिक झाकावे तेवढा आस्वाद अधिक शुद्ध, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होईल. तो निष्कर्ष घाईचा ठरेल. १८७६ मध्ये बायरॉइट येथे रिचर्ड वाग्नर याने उभारलेल्या नाट्यगृहात वाद्यवृंद प्रेक्षकांना दिसणार नाही अशा खोलगट, झाकलेल्या जागी बसविण्यात आला. वादकांच्या हालचालींनी रंगमंचावरील सृष्टीचा भंग होऊ नये, हा त्यामागील हेतू होता. त्यानंतर चारच वर्षांनी, १८८० मध्ये पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'संगीत शाकुंतला'चा प्रयोग झाला आणि मराठी संगीत नाटकाची परंपरा सुरू झाली. ऑर्गन आणि तबला वाजविणारे साथीदार रंगमंचाच्या पुढ्यात प्रेक्षकांना दिसतील असे बसत, हे या परंपरेतील परिचित दृश्य आहे. 'वन्समोअर' मिळताच नायिका तेच पद पुन्हा गाई. तरीही रसिकांच्या आस्वादात खंड पडत नसे. कारण साथीदार दिसत असले तरी ते त्या प्रयोगाचेच अंग होते. वस्तू दिसते की नाही यावर विघ्न ठरत नाही. ती कोणत्या जगाची आहे यावर ठरते.

'प्रिन्स ऑफ पर्शिया' या खेळात याचे अत्यंत नेमके उदाहरण सापडते. राजकन्येला निर्णयासाठी एका तासाची मुदत मिळालेली असते आणि नायकाला तेवढ्या साठ मिनिटांत तिच्यापर्यंत पोहोचावयाचे असते. किती मिनिटे उरली आहेत हे पडद्याच्या तळाशी अधूनमधून उमटते. ही मिनिटे काल्पनिक नाहीत. खेळाडूच्या मनगटावरील घड्याळ मोजते तीच ती मिनिटे आहेत. म्हणजे डेस्कटॉपवरील घड्याळ आणि या खेळातील घड्याळ जवळजवळ एकाच जागी, एकच काळ दाखवितात. तरीही पहिले विघ्न ठरते आणि दुसरे उद्दीपन विभाव. पहिले म्हणते, 'उशीर झाला'. दुसरेही तेच म्हणते, परंतु कोणासाठी उशीर झाला हे त्यात बदललेले असते. साधारणीकरणाची प्रक्रिया एवढ्या लहान तपशिलात इतक्या स्वच्छपणे पाहावयास मिळणे दुर्मीळच म्हणावे लागेल.

डेस्कटॉपच खेळ होतो तेव्हा

रँड आणि रॉबिन मिलर या बंधूंच्या 'मिस्ट' या १९९३ मधील खेळाने झाकण्याचे तत्त्व खेळाच्या आतही नेले. त्यात गुणसंख्या नाही, आयुष्य दर्शविणारी पट्टी नाही, शस्त्रांची यादी नाही. निर्जन बेटाचे चित्र आणि त्यावर फिरणारा हाताच्या आकाराचा बाण एवढेच खेळाडूच्या वाट्याला येते. २००८ च्या 'डेड स्पेस' या खेळाने वेगळा मार्ग शोधला. नायकाची प्रकृती त्याच्या चिलखताच्या पाठीवरील प्रकाशरेषेतून कळते. जी माहिती एरवी पडद्याच्या कडेला चिकटविलेली असती, ती त्या सृष्टीतील वस्तू बनते. पहिला मार्ग वर्जनाचा आहे, दुसरा आत्मसात करण्याचा. दुसऱ्या मार्गात मौज अधिक आहे, कारण त्यात माहितीचा त्याग करावा लागत नाही आणि विघ्नही टळते.

तथापि डेस्कटॉपच्या प्रश्नाला सर्वांत धीटपणे सामोरी गेलेली कलाकृती म्हणून सॅम बार्लो याच्या 'हर स्टोरी' या २०१५ मधील खेळाचा निर्देश करावा लागेल. खेळाडूसमोर पोलीस खात्याच्या एका जुन्या संगणकाचा डेस्कटॉप येतो. त्यावरील माहितीसाठ्यात शब्द टंकून १९९४ मध्ये घेतलेल्या एका स्त्रीच्या जबाबांचे दृश्यतुकडे शोधावयाचे असतात. संगणकाच्या काचेवर खोलीतील दिव्याचे प्रतिबिंब पडलेले दिसते आणि क्वचित त्या काचेत एक चेहराही दिसून जातो. खरा डेस्कटॉप झाकावयाचा तो खोटा डेस्कटॉप पाहण्यासाठी, असा हा विलक्षण प्रकार आहे. परंतु यात विसंगती नाही. नित्याच्या जगातील मेज आणि कलेच्या जगातील मेज यांच्या रूपात फरक असलाच पाहिजे असे नाही. फरक असतो तो नात्यात. खऱ्या डेस्कटॉपवर खेळाडू काम करतो, खोट्या डेस्कटॉपवर काम करणारी व्यक्ती कोण याचा शोध घेतो. काचेवरचे प्रतिबिंब सामान्यतः पडदा पाहताना त्रासदायक वाटते. येथे तेच प्रतिबिंब कथेचा पुरावा बनते. विघ्नाचे विभावात रूपांतर करण्याचे सामर्थ्य या कलाकृतीत आहे.

२०१६ मध्ये विस्तारित रूपात प्रकाशित झालेला 'वनशॉट' हा खेळ आणखी पुढे जातो. तो संगणक-प्रणालीच्या संदेशांसारख्या लहान खिडक्यांतून थेट खेळाडूशी बोलतो, डेस्कटॉपचे पार्श्वचित्र बदलतो आणि त्यातील काही कोडी खेळाच्या चौकटीबाहेर पाहिल्याखेरीज सुटत नाहीत. ज्याने डेस्कटॉपला विघ्न मानून कायमचे झाकले, त्याला हा खेळ पूर्णपणे भेटणारच नाही. मात्र येथे एक मर्यादाही नोंदविली पाहिजे. ही युक्ती प्रभावी ठरते ती अन्यत्र सीमा पाळली जाते म्हणूनच. प्रत्येक खेळ चौकटीबाहेर हात घालू लागला, तर त्या हाताचा अर्थ नाहीसा होईल.

पडद्याची दोरी कोणाच्या हाती?

डेस्कटॉप झाकण्याचा प्रश्न केवळ आस्वादाचा राहिला नाही. तो अधिकाराचाही झाला आहे. 'विंडोज १०' प्रणालीत २०१७ मध्ये 'गेम मोड' आणि २०१८ मध्ये 'फोकस असिस्ट' या सोयी आल्या. पहिलीचा भर यंत्राची शक्ती खेळाकडे वळविण्यावर होता. दुसरीत पडदाभर खेळ सुरू असल्याचे ओळखून सूचना रोखून धरण्याचा नियम होता आणि नंतर रोखलेल्या सूचनांचा गोषवारा दाखविला जाई. 'मॅकओएस सोनोमा' या २०२३ च्या आवृत्तीतही 'गेम मोड' आला. त्याचा भरही यंत्रशक्तीच्या वाटपावरच होता. यंत्राला खेळ 'कळतो' तो मुख्यतः प्रक्रियाशक्तीच्या भाषेत. माणसाचे लक्ष ही त्या भाषेतील संज्ञा नव्हे, हे यातून ध्यानी येते.

दुसरी बाब अधिक गंभीर आहे. २००५ च्या अखेरीस आलेल्या 'एक्सबॉक्स ३६०' या यंत्राने खेळातील पराक्रमांची नोंद करून ती पडद्यावर ध्वनीसह जाहीर करण्याची प्रथा रूढ केली. अन्य व्यासपीठांनीही ती स्वीकारली. 'स्टीम' या वितरण-व्यासपीठाने खेळावर तरंगणारा आपला स्वतंत्र थर दिला, त्यात मित्रांचे निरोप आणि दुकानाची पाने उघडता येतात. म्हणजे प्रणालीचा डेस्कटॉप झाकला गेला, परंतु त्या जागी दुसरे मेज मांडले गेले. एखाद्या शोकगर्भ प्रसंगी नायकाचा निकटचा सोबती प्राण सोडत असताना पडद्याच्या कडेला पराक्रमाचे पदक झळकावे, हा औचित्यभंगाचा ठळक नमुना होय. कार्यालयाचे विघ्न निदान परके होते. हे विघ्न खेळाच्या कौतुकाचा वेष घेऊन येते. गौणास प्राधान्य देणारे सहावे विघ्न ते हेच. ही पदके बंद करता येतात, असे उत्तर यावर दिले जाते. ते खरे असले तरी पुरेसे नाही. सोय मुळात कोणत्या स्थितीत दिली जाते, यावर बहुसंख्यांचा अनुभव ठरतो.

उलट बाजूही पाहणे न्यायाचे ठरेल. विंडोज प्रणालीत 'शिफ्ट' ही कळ लागोपाठ पाच वेळा दाबली असता 'स्टिकी कीज' या सोयीविषयी विचारणारी खिडकी उघडते. धावण्यासाठी हीच कळ वापरणाऱ्या अनेक खेळाडूंना ती त्रासदायक वाटते. परंतु दोन-तीन कळा एकाच वेळी दाबणे ज्यांना शारीरिक कारणाने शक्य नसते, त्यांच्यासाठी ती सोय निर्माण झालेली आहे. एकाचे विघ्न ते दुसऱ्याचे प्रतीतीसाधन असू शकते. म्हणून कोणताही व्यत्यय समूळ नाहीसा करण्याचा आग्रह धरण्यापूर्वी तो कोणासाठी योजिलेला आहे, हे पाहणे आवश्यक ठरते.

झाकलेल्या घड्याळाचा प्रश्न

रा. भा. पाटणकर यांनी 'सौंदर्यमीमांसा' या ग्रंथात कलाव्यवहाराकडे पाहण्याच्या लौकिकतावादी आणि अलौकिकतावादी अशा दोन भूमिकांची सविस्तर मांडणी केली आहे. डेस्कटॉप झाकणारा खेळाडू त्या क्षणापुरता अलौकिकतावादी असतो. त्याला नित्याच्या जगाशी नाते नको असते. परंतु तळाची पट्टी झाकली की तिच्याबरोबर घड्याळही झाकले जाते आणि येथेच लौकिकतावादी भूमिका आपला हक्क सांगू लागते. नाटकाला तिसरी घंटा असते तसाच अखेरचा पडदाही असतो. प्रयोग केव्हा संपेल हे प्रेक्षक ठरवीत नाही आणि संपल्यावर दिवे लागतात. अनेक संगणकीय खेळांना असा अखेरचा पडदा नसतो. एक फेरी संपते, दुसरी तयार असते. ज्या कलाप्रकाराला स्वतःचा शेवट नाही, त्याने बाहेरचे घड्याळही झाकावे, हे केवळ आस्वादाच्या तर्काने समर्थनीय ठरत नाही. निर्विघ्न प्रतीतीची कल्पना करताना अभिनवगुप्तासमोर जे नाट्य होते, त्याला आरंभ, मध्य आणि अंत होता, याचा विसर पडता कामा नये.

यावरून घड्याळ उघडेच ठेवावे असे मात्र सिद्ध होत नाही. 'प्रिन्स ऑफ पर्शिया'ने साठ मिनिटांची मर्यादा कथेतच विणली आणि दोन्ही हेतू साधले. काळाची जाणीव देण्याची जबाबदारी कलाकृतीने स्वतःकडे घेतली, तर प्रणालीच्या घड्याळाची गरज उरत नाही. ती जबाबदारी टाळणाऱ्या खेळाने मात्र सबंध पडदा मागताना खेळाडूचा वेळही मागितलेला असतो आणि त्याचा हिशेब मात्र दिलेला नसतो. समीक्षकाने खेळाचे मूल्यमापन करताना त्याची चित्रे, कथा आणि नियम यांबरोबर हा हिशेबही मागितला पाहिजे.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून काही निष्कर्ष हाती येतात.

१. डेस्कटॉप झाकण्याची कृती ही केवळ तांत्रिक सोय नसून खेळाच्या जगाची सीमा आखणारा विधी आहे. नाट्यप्रयोगातील पूर्वरंगाशी तिचे कार्यसाम्य आहे.

२. 'व्यत्यय' या ढोबळ संज्ञेपेक्षा रसविघ्नांचे वर्गीकरण अधिक उपयुक्त ठरते. काळाची आठवण, वैयक्तिक चिंता, दृश्याचा अडथळा, गौणाचे प्राधान्य आणि संशय ही भिन्न विघ्ने असून त्यांचे परिहारही भिन्न आहेत. सर्वांवर एकच पडदा टाकणे हा परिहार नव्हे.

३. वस्तू पडद्यावर दिसते एवढ्यावरून ती विघ्न ठरत नाही. 'प्रिन्स ऑफ पर्शिया'तील मिनिटे आणि 'हर स्टोरी'तील आभासी डेस्कटॉप यांवरून हे स्पष्ट होते. उत्तम कलाकृती विघ्नाला आत घेऊन त्याचे विभावात रूपांतर करू शकते.

४. झाकण्याचा आणि उघडण्याचा अंतिम अधिकार खेळाडूकडे असणे आवश्यक आहे. एक मेज झाकून त्याजागी दुसरे मांडणारी व्यवस्था लक्षाचे रक्षण करीत नाही. ती लक्षाचा मालक तेवढा बदलते.

चांगल्या पडद्याचे लक्षण असे सांगता येईल की तो पडला असता पलीकडचे काही दिसत नाही आणि तो उचलण्याची दोरी मात्र पाहणाऱ्याच्या हाताशी असते. खेळात संपूर्ण रमता येणे हा खेळाडूचा हक्क आहे. घरातून कोणी हाक मारली असता ती ऐकू येणे हाही त्याचाच हक्क आहे. या दोन हक्कांपैकी एकाची निवड करावयास न लावणारी रचना संगणकाच्या पडद्यावर घडविणे हे खेळ आणि प्रणाली यांच्या रचनाकारांपुढील कार्य आहे. ती रचना घडली आहे की नाही, हे तपासण्याचे दायित्व समीक्षेवर येते.